बटाटे सोलणारी देल्फीन सेरीग

१९७५ च्या मे महिन्यात फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात एकच अभिनेत्री तीन चित्रपटांतून समोर आली. स्पर्धा विभागात 'आलोईझ', स्पर्धेबाहेर 'इंडिया साँग' आणि 'दिग्दर्शकांचा पंधरवडा' या समांतर विभागात 'झान दीलमान'. तिन्ही चित्रपट स्त्रियांनी दिग्दर्शित केलेले होते : लिलियान द केर्मादेक, मार्गरीत द्युरास आणि शांताल आकेरमान. त्या काळी युरोपातल्या बहुतेक नामवंत अभिनेत्रींची अख्खी कारकीर्द एकाही स्त्री-दिग्दर्शकाविना पार पडत असे. देल्फीन सेरीगच्या वाट्याला एकाच महिन्यात तीन आल्या. 'वाट्याला आल्या' हा शब्दही बरोबर नाही, कारण हे योगायोगाने घडलं नव्हतं.

तिच्याबद्दल लिहिताना सहसा एक गोष्ट सांगितली जाते : पडद्यावरची ही अप्सरा चाळिशी ओलांडल्यावर स्त्रीमुक्तीच्या चळवळीत गेली आणि तिने झगमगाटावर पाणी सोडलं. ही त्यागाची गोष्ट मला पटत नाही. त्या तीन चित्रपटांतला तिसरा, 'झान दीलमान', नीट पाहिला आणि तो कसा घडला ते तपासलं, तर दिसतं ते वेगळंच. सेरीगने आपली जुनी प्रतिमा टाकून दिली नाही. ती तिने भांडवल म्हणून गुंतवली, आणि नेमक्या त्या प्रतिमेवाचून हा चित्रपट उभाच राहिला नसता.

ती अप्सरा कशी झाली

देल्फीन सेरीगचा जन्म १० एप्रिल १९३२ चा, बैरूतचा. वडील आँरी सेरीग हे पुरातत्त्वज्ञ. फ्रेंच अमलाखालच्या सीरिया-लेबनॉनमध्ये पुरातन वास्तूंचं खातं त्यांच्याकडे होतं. आई भाषाशास्त्रज्ञ फर्दिनां द सोस्यूर यांच्या घराण्यातली. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात कुटुंब न्यूयॉर्कला होतं, त्यामुळे फ्रेंच आणि इंग्रजी दोन्ही भाषा तिला घरच्यासारख्या. पुढे अमेरिकन चित्रकार जॅक यंगरमनशी लग्न करून ती पुन्हा न्यूयॉर्कला गेली आणि तिथल्या ॲक्टर्स स्टुडिओत ली स्ट्रासबर्गच्या वर्गांना बसली. भूमिकेच्या आतलं 'का' शोधायचं, मग कृती आपोआप येते, ही तिथली शिकवण. हे 'का' पुढे ब्रुसेल्सच्या एका स्वयंपाकघरात फार अडून बसणार होतं.

फ्रेंच दिग्दर्शक आलँ रेनेने तिला न्यूयॉर्कमध्ये पाहिलं आणि १९६१ साली 'लास्ट इयर ॲट मारिएनबाद'मधून पडद्यावर आणलं. त्या चित्रपटाला व्हेनिस महोत्सवाचा सुवर्णसिंह हा पुरस्कार मिळाला. शानेलचे पोशाख, हाताची बोटं खांद्यावर टेकवून उभं राहण्याची ती ढब, कुठून तरी दुरून येतोय असा वाटणारा आवाज, आणि एका आलिशान हॉटेलात काय घडलं ते न आठवणारी, निनावी बाई. १९६३ मध्ये रेनेच्याच 'म्युरिएल'मध्ये तिने केस पांढुरके करून थकलेली, गोंधळलेली विधवा साकारली आणि व्हेनिसला सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरली. पण लोकांच्या मनात राहिली ती मारिएनबादचीच बाई. 'म्युरिएल'मधलं तिचं काम जास्त मोठं आहे असं मला वाटतं, तरी प्रतिमा कशाने बनते ते कामाच्या तोलावर ठरत नाही.

दिग्दर्शक त्रुफोने १९६८ साली तिला एका जोड्यांच्या दुकानदाराची बायको केलं. दुकानातला तरुण नोकर तिच्यावर असा भाळतो की ती त्याला बाई वाटतच नाही, साक्षात्कार वाटतो. तेव्हा ती स्वतः त्याच्या खोलीवर येऊन त्याला सांगते की मी साक्षात्कार नाही, बाई आहे, आणि बाई म्हणजे त्याच्या अगदी उलट. संवाद पटकथेतला आहे, पण तिच्या पुढच्या वीस वर्षांची दिशा त्यात आधीच लिहून ठेवल्यासारखी वाटते. गंमत अशी की हे वाक्य ती ज्या आवाजात म्हणते त्यामुळे प्रेक्षकाला ती आणखीच साक्षात्कार वाटते.

मग परीकथेतली लायलॅक परी, बेल्जियन दिग्दर्शकाच्या भयपटातली चंदेरी पोशाखातली रक्तपिपासू सरदारीण, बुन्युएलच्या 'द डिस्क्रीट चार्म ऑफ द बूर्झ्वाझी'मधली कायम जेवायला निघालेली पण कधीच न जेवणारी श्रीमंत बाई. भूमिका वेगवेगळ्या, पण एक गोष्ट सगळीकडे सारखी : या बायका कधी काही काम करताना दिसत नाहीत. भांडं घासणं, केर काढणं, कणीक मळणं तर सोडाच. त्यांचे हात असतात ते सिगारेट धरायला, दार उघडायला आणि कुणाच्या तरी खांद्यावर ठेवायला.

पडद्याबाहेर

५ एप्रिल १९७१ रोजी एका फ्रेंच साप्ताहिकात ३४३ स्त्रियांनी आपण गर्भपात केला आहे असं सही करून जाहीर केलं. तो तेव्हा फ्रान्समध्ये गुन्हा होता. सह्यांमध्ये सेरीगचीही होती. पुढच्या वर्षी पॅरिसजवळच्या बोबिन्यी इथे बलात्कारानंतर गर्भपात केलेल्या एका अल्पवयीन मुलीवर खटला भरला गेला. जिझेल आलिमी ही तिची वकील होती आणि साक्षीदारांमध्ये सेरीग उभी राहिली. सुरक्षित गर्भपाताच्या एका नव्या पद्धतीचं प्रात्यक्षिक तिच्या पॅरिसमधल्या घरात झालं. गर्भपाताला परवानगी देणारा, आरोग्यमंत्री सिमोन व्हेल यांचा कायदा १७ जानेवारी १९७५ ला अमलात आला. म्हणजे ज्या वर्षाची ही गोष्ट आहे, त्याच वर्षाच्या पहिल्या महिन्यात तिच्या चार वर्षांच्या लढ्याला फळ आलं होतं.

याच काळात तिला चित्रपटाच्या धंद्यातही काही दिसू लागलं होतं. इब्सेनच्या 'डॉल्स हाऊस'वर जोसेफ लोझीने केलेला चित्रपट १९७३ साली आला, त्यात जेन फोंडा ही नायिका नोरा आणि सेरीग तिची मैत्रीण. जगातल्या सगळ्यांत प्रसिद्ध स्त्रीमुक्तीच्या नाटकात बायकांचेच प्रसंग पातळ केले जात आहेत म्हणून दोघींचे दिग्दर्शकाशी कडाक्याचे वाद झाले. नामवंत असूनही नटीला पटकथेवर बोलायचं तर भांडावं लागतं, आणि भांडलं की ती 'अवघड बाई' ठरते. १९७४ च्या सुमारास सेरीग कारोल रुसोपुलोसकडे व्हिडिओ कॅमेरा चालवायला शिकायला गेली. खांद्याला अडकवता येईल असा हलका कॅमेरा फ्रान्समध्ये अगदी सुरुवातीला घेणाऱ्यांत रुसोपुलोस होती आणि ती स्त्रियांना तो वापरायला शिकवत असे. पडद्यावर ज्या बाईचा हात कधी कामाला लागला नव्हता, तिने बेचाळिसाव्या वर्षी तो कॅमेऱ्याला लावला.

तीन चित्रपट

'आलोईझ' ही स्विस चित्रकार आलोईझ कोर्बाझची खरी कहाणी. पोट्सडॅमच्या दरबारात मुलं सांभाळायला गेलेली ही तरुणी जर्मन सम्राट कैसरच्या प्रेमात पडल्याच्या भ्रमात गेली, १९१८ मध्ये मनोरुग्णालयात दाखल झाली आणि १९६४ मध्ये मरेपर्यंत तिथेच राहिली. रंगीत पेन्सिली आणि फुलांच्या पाकळ्यांचा रस वापरून तिने प्रचंड मोठी चित्रं काढली. तरुण आलोईझ इझाबेल उपेरने केली, पुढची सेरीगने. चित्रपट सभ्य आहे, प्रामाणिक आहे, आणि मला त्यातून फारसं काही आठवत राहत नाही.

'इंडिया साँग'बद्दल मात्र आपल्याकडच्या वाचकाला दोन गोष्टी सांगायलाच हव्यात. नावात इंडिया असलं तरी यातली एकही चौकट भारतात चित्रित झालेली नाही. १९३७ चं कोलकाता, तिथली फ्रेंच वकिलात, राजदूताची बायको आन-मारी स्ट्रेटर, हे सगळं पॅरिसशेजारच्या बुलोन्यमधल्या एका पडक्या वाड्याच्या आवारात आणि आसपास उभं केलेलं. इंग्रजांच्या हिंदुस्थानात कुणाचाही राजदूत नव्हता आणि राजधानी तर १९११ सालीच दिल्लीला नेण्याचं ठरलं होतं. द्युरासला हे ठाऊक नव्हतं असं नव्हे, तिला खरं कोलकाता नकोच होतं. तिथली माणसं या चित्रपटात नाहीत. आहे ती उष्म्याची, कुष्ठरोगाची आणि भिकेची चर्चा, आणि दुरून येणारा एका भिकारणीचा आवाज, तोही लाओसचा. मला हे खटकतं आणि खटकायलाही हवं. एका जिवंत शहराला युरोपीय उदासीचा पडदा करून टाकलेलं आहे.

पण अभिनयाच्या दृष्टीने त्यात एक विलक्षण प्रयोग आहे. पडद्यावर कुणीच बोलत नाही. सगळे आवाज बाहेरून येतात. ते आधी ध्वनिमुद्रित केले होते आणि चित्रीकरण चालू असताना टेप वाजत असे. नट स्वतःचाच आवाज ऐकत, ओठ मिटून, संथपणे नाचत असत. म्हणजे सेरीगचं सर्वांत मोठं शस्त्र, तो चेलोसारखा आवाज, तिच्या देहापासून काढून वेगळा ठेवला होता. उरली ती लाल झग्यातली, आरशात दिसणारी आकृती. मारिएनबादपासून चालत आलेली अप्सरा इथे शेवटच्या टोकाला पोहोचते, इतकी की ती चित्रपटाच्या सुरुवातीपासून मेलेलीच आहे.

आणि त्याच महिन्यात, त्याच गावात, पलीकडच्या सभागृहात, तीच बाई निळसर चौकड्यांचा घरगुती कोट घालून बटाटे सोलत होती.

ब्रुसेल्सचं स्वयंपाकघर

चित्रपटाचं पूर्ण शीर्षक 'झान दीलमान, २३ के द्यु कोमेर्स, १०८० ब्रुसेल्स'. पाकिटावर लिहावं तसं, नाव आणि पत्ता. २०१ मिनिटं. एका विधवेचे तीन दिवस. सकाळी उठायचं, मुलाचे बूट पॉलिश करायचे, कॉफी करायची, बिछाना आवरायचा, बाजार करायचा, शेजारणीचं बाळ घटकाभर सांभाळायचं, दुपारी बटाटे चढवायचे, ते शिजेपर्यंत एक गिऱ्हाईक घ्यायचं, त्याचे पैसे जेवणाच्या टेबलावरच्या सूप वाढायच्या भांड्यात टाकायचे, आंघोळ करायची, टब घासायचा, मुलाला जेवायला वाढायचं. मराठीत याला तीन शब्द आहेत : रांधा, वाढा, उष्टी काढा. दुपारच्या गिऱ्हाइकालाही त्याच रांगेत, त्याच निर्विकारपणे जागा दिलेली आहे. चित्रपटातला सगळ्यांत धाडसी निर्णय मला हाच वाटतो.

दिग्दर्शिका आकेरमान तेव्हा २४ वर्षांची होती. बेल्जियमच्या सरकारकडून सुमारे १,२०,००० डॉलर एवढं अनुदान मिळालं, चित्रीकरणाला पाच आठवडे. छायाचित्रणाला बाबेत मांगोल्त, जी आकेरमानबरोबर न्यूयॉर्कमध्ये आधी काम करून आलेली. तंत्रज्ञ जवळजवळ सगळ्या स्त्रिया. हे ऐकायला फार सुंदर वाटतं, पण आकेरमानने पुढे मोकळेपणाने सांगितलं की चित्रीकरणाचा अनुभव वाईट होता : तिने माणसं स्वतः निवडली नव्हती, बाई असणं एवढीच पात्रता धरली गेली होती. चळवळीच्या इतिहासात हा तपशील सहसा गाळला जातो. तो ठेवला पाहिजे, कारण त्याने चित्रपट लहान होत नाही आणि त्या बायकांना काय काय पहिल्यांदाच करून पाहावं लागत होतं ते कळतं.

पटकथेत प्रत्येक हालचाल लिहिलेली होती. कुठलं भांडं कुठल्या हातात, दिवा कधी मालवायचा, ओट्यावरून टेबलाकडे कसं जायचं. आकेरमानने हे सगळं तिच्या आईला, मावश्यांना, लहानपणी आजूबाजूच्या बायकांना पाहून टिपलेलं. तिची आई पोलंडमधली ज्यू, आउशवित्झमधून जगून आलेली. घरातली प्रत्येक गोष्ट जागच्या जागी आणि वेळच्या वेळी असण्यामागे काय दडलेलं असू शकतं, याची जाणीव त्या मुलीला होती. म्हणून चित्रपटातला नेम हा नुसता कंटाळा नाही. त्या नेमात एक प्रकारची शांतीही आहे, आणि तो ढळला की भीती बाहेर येते.

आता मुख्य प्रश्न. या भूमिकेसाठी एखादी साधी दिसणारी, अनोळखी, खरोखर भांडी घासणारी बाई का घेतली नाही? आकेरमानने याचं जे उत्तर दिलं आहे त्यात या सगळ्या प्रकरणाची किल्ली आहे. तिचं म्हणणं थोडक्यात असं : रोज भांडी घासणारी बाई पडद्यावर भांडी घासायला लागली, तर आपल्याला ती दिसणारच नाही, घरात नवऱ्यांना बायका दिसत नाहीत तशी. ते काम दिसायचं असेल तर ते अशा बाईने करायला हवं जिला आपण कधी भांडी घासताना पाहिलेलं नाही. सेरीग ही अशी 'लेडी' होती.

इथे त्यागाची गोष्ट कोसळते. मारिएनबादची बाई, लायलॅक परी, बुन्युएलची श्रीमंतीण, या सगळ्या झान दीलमानच्या मागे उभ्या आहेत म्हणून आपण तिच्या हातातल्या सुरीकडे पाहत राहतो. चौदा वर्षांची ती अप्सरा म्हणजे प्रेक्षकाचं लक्ष, साठवून ठेवलेलं. सेरीगने ते सगळं एका बटाट्यावर खर्च केलं.

'का' आणि 'किती वेळ'

चित्रीकरण चालू असताना सेरीगचा सोबती, अभिनेता सामी फ्रे, व्हिडिओ कॅमेरा घेऊन तालमी टिपत होता. ते चित्रण पुढे २००४ मध्ये संकलित होऊन समोर आलं. अभिनय शिकवणाऱ्या प्रत्येकाने ते पाहावं असं मी म्हणेन.

त्यात सेरीग सारखी विचारते. ही बाई या क्षणी कसला विचार करते? इथे थांबते ती का? हे आधी करते की ते, आणि तसं का? ॲक्टर्स स्टुडिओतलं ते 'का' जागं झालेलं आहे. आकेरमानकडे बहुतेक वेळा उत्तर नसतं, किंवा ते द्यायचं नसतं. तिच्याकडे असते ती लय : इथे इतका वेळ थांब, मग ऊठ. तिशीही न गाठलेली मुलगी आणि जगभर गाजलेली त्रेचाळिशीची अभिनेत्री, दोघी एका अरुंद स्वयंपाकघरात, आणि दोघींपैकी कुणीच नुसतं शिष्टाचारापायी माघार घेत नाही. सेरीग चिडते, पण हुकमत गाजवत नाही. तिला खरोखरच कळून घ्यायचं असतं. आणि मोठ्या नटीच्या दबावाखाली आकेरमान खोटी कारणं रचत नाही, हेही तितकंच मोठं.

या ओढाताणीतून जे आलं ते दोघींपैकी एकीच्याही पद्धतीने एकटं आलं नसतं. आपल्याकडे 'हातवळण' असा एक नेमका शब्द आहे. वर्षानुवर्षं करून हाताला लागलेली सवय, ज्यात डोकं घालावं लागत नाही. सेरीगच्या हाताला स्वयंपाकाचं हातवळण असायचं काही कारण नव्हतं. तिने ते तालमीतून कमावलं. पहिल्या दिवशीच्या दृश्यांत ते इतकं पक्कं दिसतं की आपण विसरून जातो. मग दुसऱ्या दिवशी दुपारच्या गिऱ्हाइकानंतर काही तरी निसटतं. काय ते दाखवलेलं नाही. बटाटे जास्त शिजून वाया जातात. ती भांडं हातात घेऊन घरभर फिरते, ते कुठे ठेवायचं तेच तिला सुचत नाही. शेवटी टाकून देते, खाली जाऊन नवे बटाटे आणते आणि सोलायला बसते.

हा सोलण्याचा प्रसंग मी पहिल्यांदा पाहिला तेव्हा माझ्या बाजूला बसलेली एक वयस्क बाई हळूच म्हणाली, "हात चुकतोय तिचा." कॅमेरा हललेला नव्हता, संगीत नाही, सेरीगचा चेहरा जवळजवळ कोरा. तरी त्या बाईंनी सुरीच्या चालीवरून ओळखलं की आत काही बिघडलंय. आधीची सुरी आणि आताची सुरी यांत केवळ वेगाचा, दाबाचा फरक आहे. आतलं 'का' सेरीगने शोधलेलं होतं म्हणून तो फरक पडला, आणि आकेरमानने ते 'का' चेहऱ्यावर येऊ दिलं नाही म्हणून तो हातात उतरला.

आवाजाचंही तसंच. कॅनडातल्या बहिणीचं पत्र ती मुलाला वाचून दाखवते : सपाट, भरभर, विरामचिन्हांची पर्वा न करता, शाळेतलं पाठांतर म्हणावं तसं. त्या आवाजासाठी लोक नाटकाला तिकीट काढत होते. ही बाई मात्र पत्र असंच वाचेल, म्हणून सेरीगने तो आवाज पार निचरून टाकला.

तिसरा दिवस सगळा निसटलेला. तासभर आधी जाग येते आणि त्या मोकळ्या तासाचं काय करायचं ते कळत नाही. कॉफी बिघडते, पुन्हा करते, तीही बरी लागत नाही. मुलाच्या कोटाच्या तुटलेल्या बटणाचा जोड शोधत दुकानं हिंडते, मिळत नाही. शेजारणीचं बाळ रडायचं थांबत नाही. दुपारी आलेल्या माणसाला ती कात्रीने मारते. मग जेवणाच्या टेबलाशी, अंधारात, रक्ताळलेल्या हातांनी सुमारे सात मिनिटं बसून राहते, रस्त्यावरच्या निऑनचा उजेड चेहऱ्यावर येत-जात असतो. खुनाबद्दल लोक खूप लिहितात. मला ती सात मिनिटं जास्त कठीण वाटतात, कारण तिथे करायला काहीच नाही. पहिल्यांदाच हात रिकामे आहेत. त्या रिकाम्या हातांनी बसलेल्या बाईच्या चेहऱ्यावर हळूहळू जे उतरतं त्याला समाधान म्हणावं की सुटका, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

कान आणि नंतर

कानला खेळ चालू असताना प्रेक्षक उठून जात होते, खुर्च्या मिटल्याचे आवाज येत होते, असं आकेरमानने पुढे सांगितलं. पण दुसऱ्या दिवसापासून निरनिराळ्या महोत्सवांची बोलावणी सुरू झाली. स्पर्धेतल्या 'आलोईझ'साठीही सेरीगला बक्षीस मिळालं नाही. त्या वर्षीची सर्वोत्कृष्ट अभिनेत्री व्हॅलरी पेरीन ठरली. 'झान दीलमान' जानेवारी १९७६ मध्ये पॅरिसला लागला. अमेरिकेत चित्रपटगृहात पोहोचायला त्याला १९८३ उजाडलं. लंडनच्या 'साइट अँड साउंड' मासिकाच्या दर दहा वर्षांनी होणाऱ्या पाहणीत २०२२ साली १,६३९ जाणकारांनी मतं दिली आणि हा चित्रपट पहिला आला. १९५२ पासूनच्या त्या यादीत स्त्रीने दिग्दर्शित केलेला चित्रपट पहिल्या क्रमांकावर येण्याची ही पहिलीच वेळ. तेव्हा सेरीगला जाऊन ३२ वर्षं आणि आकेरमानला ७ वर्षं झाली होती.

सेरीगला या निवडीची किंमत पडली का? तिच्या १९७५ नंतरच्या चित्रपटांची यादी पाहिली की उत्तर दिसतं. त्रुफो, बुन्युएल, रेने यांच्या दर्जाच्या दिग्दर्शकांची बोलावणी थांबली. त्यात वयाचा वाटा किती, बोलक्या स्त्रीवादी बाईला टाळण्याचा किती, ते वेगळं काढता येत नाही, आणि त्या धंद्यात या दोन गोष्टी फार लांब नसतात. त्यांच्या जागी नावं आली ती मार्ता मेसारोश, उलरिके ओटिंगर, पॉम मेफ्र या स्त्री-दिग्दर्शकांची. द्युरासबरोबर पुन्हा काम झालं. आकेरमानच्या १९८६ च्या 'गोल्डन एटीज' या संगीतपटात ती कपड्यांचं दुकान चालवणारी, छळछावणीतून जगून आलेली बाई झाली, आणि तिचं नावही झानच ठेवलं होतं. रंगभूमी चालूच होती.

दुसरीकडे तिच्या हातातला कॅमेराही चालू होता. १९७५ हे संयुक्त राष्ट्रांचं महिला वर्ष. ते संपायला एक दिवस उरला असताना, ३० डिसेंबरला, फ्रेंच दूरचित्रवाणीवर बेर्नार पिव्होने स्त्रियांच्या प्रश्नांची राज्यमंत्री फ्रांस्वाझ जिरू हिला बोलावून एक कार्यक्रम केला. त्यात पुरुष पाहुणे बायकांची टिंगल करत होते आणि मंत्रीणबाई हसत हसत त्यांना सांभाळून घेत होत्या. सेरीग, रुसोपुलोस, योआना विडर आणि नाज्या रँगार यांनी तो कार्यक्रम टेप केला, जागोजागी थांबवला, वाक्यं पुन्हा पुन्हा वाजवली, मध्ये हातांनी लिहिलेल्या पाट्या घातल्या आणि 'मासो आणि मिझो नौकाविहाराला जातात' नावाचा व्हिडिओ केला. एका सभ्य गप्पांच्या कार्यक्रमात किती तिरस्कार भरलेला असतो ते त्या थांबवण्यातून दिसतं. मला यात थेट 'झान दीलमान'चा धडा दिसतो : जे रोज डोळ्यांसमोरून जातं ते थांबवून धरा.

त्याच सुमारास तिने फ्रान्स आणि अमेरिकेतल्या वीसहून जास्त अभिनेत्रींना कॅमेऱ्यासमोर बसवून प्रश्न विचारले. जेन फोंडा, मारिया श्नायडर, एलन बर्स्टिन, शर्ली मॅक्लेन त्यांत होत्या. मुलगा असता तर अभिनयात आला असता का? पडद्यावर दुसऱ्या बाईशी मैत्रीचा, मायेचा प्रसंग कधी वाट्याला आला का? दुसऱ्या प्रश्नावर बहुतेकजणी आठवत राहतात आणि आठवत नाही. 'सुंदर दिस आणि गप्प बस' हे त्या चित्रपटाचं नाव. तो १९८१ मध्ये प्रदर्शित झाला. १९८२ मध्ये रुसोपुलोस आणि विडर यांच्यासह तिने पॅरिसमध्ये स्त्रीवादी लेखिका सिमोन द बोव्हुआरच्या नावाने दृक्श्राव्य केंद्र काढलं, जिथे स्त्रियांच्या चळवळीच्या टेप जपल्या जातात.

एक गोष्ट मात्र राहून गेली. कॅलॅमिटी जेन या अमेरिकन सरहद्दीवरच्या घोडेस्वार बाईने मुलीला लिहिलेली म्हणून जी पत्रं प्रसिद्ध आहेत, त्यांवर सेरीगला स्वतः दिग्दर्शक म्हणून कथापट करायचा होता. १९८३ मध्ये ती त्या शोधात मोंटानाला गेली. बरोबर कॅमेरा घेऊन होती बाबेत मांगोल्त, तीच जिने ब्रुसेल्सच्या त्या स्वयंपाकघरात पाच आठवडे तिच्या हातांवर भिंग रोखलं होतं. चित्रपटाला पैसे उभे राहिले नाहीत. १५ ऑक्टोबर १९९० रोजी, वयाच्या ५८ व्या वर्षी, फुप्फुसाच्या कर्करोगाने सेरीग पॅरिसमध्ये गेली. मोंटानाचं ते चित्रण मात्र टिकून राहिलं, आणि २०२० मध्ये मांगोल्तने त्यातून एक माहितीपट केला. त्यात सेरीग दिसते ती कुठल्याही भूमिकेत नाही, तर आपला पहिला कथापट कसा करता येईल याचा शोध घेत हिंडणारी दिग्दर्शिका म्हणून.